ओरोस्मान खाली बसला तेव्हा

ओरोस्मान बेन्तांकोरला नुएवो पारीस या आमच्या वस्तीत सगळे भोवरा म्हणायचे. नावाने हाक मारायची ती फक्त त्याची बायको देल्मा, आणि तीही रागावली असली तरच.

माणूस एका जागी ठरत नसे. जेवायचा तो ताटली हातात घेऊन, अंगणातून स्वयंपाकघरात आणि स्वयंपाकघरातून अंगणात. काखेत थर्मास, हातात ‘माते’ नावाच्या पाल्याच्या चहाचा पोकळ भोपळा. कडू पाल्याचा एक घोट घ्यायचा आणि दहा पावलं टाकायची. देल्मा सांगायची, "लग्नात पाद्रीबाबांनी अर्धे मंत्र याच्या मागे चालत म्हटले. कुठल्या तरी खांबापाशी आमचं लग्न लागलं असेल, मला नक्की माहीत नाही."

मी तेव्हा क्लबचं कँटीन चालवायची. माझा नवरा एबेर क्लबच्या समितीवर. आमचा फुटबॉल क्लब म्हणजे कुर्तिदोरेस, कातडी कमावणाऱ्यांचा क्लब. मोंतेविदेओच्या या टोकाला, पांतानोसो ओढ्याच्या काठाने, एकेकाळी कातड्याचे कारखानेच कारखाने होते. १९१९ साली संप झाला. रिकाम्या बसलेल्या कामगारांनी चेंडू काढला, आणि लीगमध्ये उतरायचं म्हटल्यावर एका रंगाचे सदरे हवेत असं कळलं. घरोघरच्या पांढऱ्या गंजिफ्रॉका गोळा झाल्या. संपामुळे कारखान्याचा हौद भरलेला तसाच पडून होता. त्यात केब्राचो लाकडाचा अर्क, ज्यात कातडी मुरवतात तो. पहारेकऱ्याने पाठ फिरवली आणि यांनी गंजिफ्रॉका बुडवल्या. निघाल्या त्या तपकिरी. कुणाची चहासारखी, कुणाची गुळासारखी, कुणाची नुसतीच मळल्यासारखी. त्यानंतर क्लब तीनदा वरच्या डिव्हिजनला चढला, तीनदा घसरला, पण सदरा तपकिरीच राहिला. दुसऱ्या वस्तीचे लोक कातड्याची घाण येते म्हणून आमच्या मैदानावर नाक दाबून शिरत. आम्ही गोल केला की अख्खा स्टँड त्यांच्याकडे बघून ओरडायचा, "नाक दाबलंत, आता तोंड उघडा!"

त्या स्टँडमध्ये ओरोस्मान कधीच नसे. तरुणपणी एका निर्णायक सामन्यात आपल्याविरुद्ध पेनल्टी मिळाली, तेव्हा हा ओकारी आल्यासारखा उठला आणि बाहेर पळाला. मैदानाच्या भिंतीभोवती फेऱ्या मारत राहिला. सामना आपण जिंकला. पुढच्या रविवारीही तो बाहेरच. लोक म्हणाले, शकुन धरलाय. तो म्हणायचा, "शकुन कसला डोंबलाचा! माझं पोट ऐकत नाही." आतून आरडाओरडा झाला की हा कानांवर हात ठेवायचा. सामना संपल्यावर देल्मा फाटकातून बाहेर यायची आणि तिच्या चेहऱ्यावरून त्याला निकाल कळायचा. एवढा वेडा माणूस, पण आपल्या क्लबचा गोल त्याने वर्षानुवर्षं डोळ्यांनी पाहिला नव्हता.

तो कामाला होता तो कातड्याचा कारखाना बंद पडला, तेव्हा क्लबने त्याला देखभालीला ठेवलं. स्टँडच्या पायऱ्या तो दर उन्हाळ्यात तपकिरी रंगवायचा. क्लबही हळूहळू थकत गेला. रात्रीचे दिवे गेले, पोरांचे संघ बंद झाले. एकेका खेळाडूला बुटांसाठी दारोदार फिरावं लागे. अशात तीन वर्षांपूर्वी एक कंपनी आली. समुद्रापलीकडची. तिच्या वतीने बोलायला डॉक्टर इराओला आले. डॉक्टर म्हणजे वकील. आमच्याकडे वकिलालाही डॉक्टरच म्हणतात. नवे दिवे, नवा स्टँड, खेळाडूंना वेळेवर पगार. बदल्यात दोन गोष्टी. नाव बदलून रिओ उनिदो, आणि सदरा लाल. टीव्हीवर तपकिरी रंग चिखलासारखा दिसतो म्हणे.

सभासदांची सभा व्यायामशाळेत भरली. दारं लावून घेतली, कारण मतदान होईपर्यंत कुणी बाहेर जायचं नव्हतं. ओरोस्मानची पंचाईत झाली. तो खुर्च्यांच्या मागे भिंतीलगत येरझारा घालायला लागला. त्याच्या बुटांचा आवाज सगळ्या भाषणांना ताल धरत होता.

डॉक्टर इराओला मध्येच थांबले. हसून म्हणाले, "आजोबा, जरा बसून घेता का? लोकांचं लक्ष विचलित होतंय."

देल्मा उठून उभी राहिली. "डॉक्टर, याला बसवायचा प्रयत्न मी लग्नापासून करतेय. तुमच्या कंपनीला जमत असेल तर मी पहिलं मत तुम्हाला देते."

सगळे हसले. डॉक्टरही हसले. मग माझा एबेर उठला. तो कंपनीच्या बाजूचा होता आणि त्याने ते लपवलं नाही. "रंगावर माझंही प्रेम आहे," तो म्हणाला. "पण रंग खाऊन पोट भरतं का? खालच्या डिव्हिजनमध्ये सडत पडायचं आणि वर्षातून एकदा आजोबांच्या संपाच्या गोष्टी सांगायच्या, हा काय क्लब झाला? मला माझ्या हयातीत एकदा वर चढायचंय."

ओरोस्मान चालता चालताच बोलला. भाषण त्याला येत नव्हतं. "एबेर, तू खोटं बोलत नाहीस. पण एक सांगतो. तपकिरी रंग कुणी निवडला नव्हता. हौदात जे होतं ते अंगावर आलं. आता तुम्ही निवडणार. निवडा. पण मग तो निवडलेला रंग असेल, एवढंच."

काहींना ते समजलं, काहींना नाही. मतं मोजली तेव्हा कंपनी आरामात जिंकली. दार उघडल्याबरोबर ओरोस्मान बाहेर पडला आणि ओढ्याच्या दिशेने निघून गेला.

लाल सदऱ्यातला पहिला सामना मार्चमध्ये झाला. जुन्या सभासदांना कंपनीने मधल्या रांगेत जागा दिल्या, खुर्चीला मऊ गादी. देल्मा म्हणाली, फुकट आहे तर बघून येऊ. ओरोस्मान बाहेर भिंतीपाशी थांबेल असं सगळ्यांनी धरूनच चाललं होतं. पण तो तिच्या मागोमाग आत आला. खुर्चीवर बसला. मी कँटीनच्या काउंटरवरून पाहत होते. माझ्या हातातला चिमटा तसाच राहिला आणि सॉसेज करपलं.

तो बसून राहिला. सगळा सामना. रिओ उनिदोने दोन गोल केले, लोक उभे राहिले, त्याने बसल्या बसल्या टाळ्या वाजवल्या, नाटकाला वाजवतात तशा. देल्माचं मैदानाकडे लक्षच नव्हतं. ती त्याच्याकडे बघत होती.

दुसऱ्या दिवशी सकाळीच ती माझ्याकडे आली. "नुबिया, तो जेवला."

"मग? चांगलंच की."

"अगं, बसून जेवला. मग झोपला. कूस बदलली नाही रात्रभर. डॉक्टरला बोलावू का? खऱ्या डॉक्टरला म्हणतेय, वकिलाला नव्हे."

मी हसायला गेले, पण तिच्या डोळ्यांत पाणी होतं.

आठवडे गेले, पण तो काही उठेना. दाराशी खुर्ची टाकून बसायचा. थर्मास शेजारी जमिनीवर. येणारे जाणारे म्हणायचे, "काय भोवऱ्या, दोरी संपली का?" आणि तो नुसता मान हलवायचा. पूर्वी असं कुणी डिवचलं असतं तर त्याने त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला असता. दर रविवारी तो लाल संघाचा सामना पाहायला जायचा, "छान खेळले" म्हणून परत यायचा. एबेरला वाटलं, म्हातारा अखेर वळला. मला तसं वाटत नव्हतं. घरात मेलेल्या माणसाचे कपडे कपाटात नीट घडी करून ठेवलेले असतात, तसा तो दिसायचा.

आता चळ भरला तो देल्माला. तिच्याच्याने घरात बसवेना. ती रस्त्यावर निघाली, एकेक दार ठोठावत. "पांढरी गंजी आहे का? जुनी चालेल. भोकं नकोत." लोकांनी विचारलं कशाला, तर म्हणाली, "संघ काढतेय." वस्तीच्या लीगमध्ये, ओढ्याकाठच्या मोकळ्या मैदानावर, जिथे भंगारवाल्यांचे घोडे चरतात. कारखान्यातलं काम सुटलेल्यांची नातवंडं, एक बेकरीवाला, एक बसचालक, असे अकरा जण तिने आठ-दहा दिवसांत जमवले. रंगाच्या दुकानातून तपकिरी रंगाच्या पुड्या आणल्या आणि अंगणात बादली मांडली.

ओरोस्मान खुर्चीवरून बघत होता. पहिली गंजी बाहेर काढली तेव्हा तो म्हणाला, "हा काय रंग आहे? चॉकलेट आहे हे."

"मग तू दाखव."

"हे असं होत नाही."

"म्हणूनच म्हणतेय, दाखव. की आता बुडाला गादीच लागते?"

तो उठला. उठला तो थेट शहराच्या दुसऱ्या टोकाला गेला, जिथे एक कारखाना अजून धुगधुगतोय. तिथल्या जुन्या जोडीदाराकडून त्याने केब्राचोच्या अर्काच्या भुकटीचं अर्धं पोतं आणलं. आणि उकळायला भांडं? माझं. कँटीनमधलं रश्श्याचं सगळ्यात मोठं पातेलं. मी नाही नाही म्हणेपर्यंत त्याने चुलीवर चढवलं होतं. दोन दिवस तो त्या पातेल्याभोवती फिरत ढवळत होता, शिव्या देत होता, आमच्या हातातली ढवळायची फळी ओढून घेत होता. गंज्या निघाल्या त्या पुन्हा नाना छटांच्या. त्या पातेल्यात पुढे कितीही वेळा रस्सा केला तरी जिभेला तुरट लागायचा. शेवटी मी ते संघालाच देऊन टाकलं.

कंपनीला हे आवडलं नाही. कँटीनचा करार त्यांनी पुढच्या वर्षी नव्या माणसाला दिला; कारण सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. आता मी शनिवारी ओढ्याकाठी चरबीत तळलेल्या पुऱ्या विकते. एबेर माझ्याशी महिनाभर नीट बोलला नाही. "तू माझ्या पाठीत सुरा खुपसलास," म्हणाला. मी म्हटलं, "अरे, सुरा कुठला, पातेलं दिलं फक्त."

पहिल्याच सामन्यात तपकिरी संघाने पाच गोल खाल्ले. मैदानाला भिंत नव्हती, त्यामुळे ओरोस्मान पार पुलापर्यंत चालत गेला आणि निकाल सांगायला देल्माला घोड्यांमधून वाट काढत जावं लागलं. परत आला तो तणतणत. गोलरक्षकाच्या नावाने बोटं मोडत, रात्री उभ्यानेच जेवला.

रिओ उनिदो दुसऱ्या वर्षी वर चढला. एबेरची इच्छा पुरी झाली. त्या संध्याकाळी तो रडला, आणि मी त्याला जवळ घेतलं, कारण ते रडणं खोटं नव्हतं. गंमत अशी की लाल सदऱ्यावरच्या नव्या चिन्हाखाली कंपनीने लिहिलंय, 'स्थापना १९१९'. तेव्हापासून ओरोस्मान आणि देल्मा यांचं भांडण चालू आहे, आणि ते अजून मिटलेलं नाही.

वस्तीच्या लीगच्या कचेरीने आमच्या संघाचं स्थापनेचं वर्ष मागितलंय. ओरोस्मान म्हणतो, "एकोणीसशे एकोणीस. ते आमचं आहे. चोरीला गेलंय ते परत घ्यायचं."

देल्मा म्हणते, "आपण दोन वर्षांपूर्वी माझ्या अंगणात सुरू झालो. तेच लिहायचं. त्या संपवाल्यांनी कुणाचं वर्ष उसनं घेतलं होतं का?"

"म्हणजे त्या हौदात गंज्या बुडवणारा माझा बाप, त्याचे हात, सगळं कंपनीला देऊन टाकू?"

"तुझ्या बापाचे हात कागदावर लिहून टिकणार आहेत का?"

गेल्या शनिवारी मध्यंतराला दोघं माझ्या पुऱ्यांच्या टोपलीपाशी उभे राहून हेच बोलत होते. तेवढ्यात एबेर आला. हातात भाजीची पिशवी, जणू सहज वाट वाकडी केली होती. कुणाकडे न बघता त्याने विचारलं, "किती झाले?"

"एक-एक," देल्मा म्हणाली. "एबेर, तू समितीवर होतास. तूच सांग, कुठलं वर्ष?"

एबेरने पिशवी या हातातून त्या हातात घेतली. मैदानावर आमची पोरं पाणी पीत उभी होती, प्रत्येकाचा तपकिरी वेगळा. तो एकेकाचा सदरा न्याहाळत गेला. मग म्हणाला, "मला एक पुरी दे, नुबिया."

पंचाची शिट्टी वाजली. ओरोस्मानने थर्मास काखेत मारला आणि पुलाकडे निघाला. देल्मा त्याच्या मागून ओरडत होती की पळून जाऊ नकोस, आधी उत्तर दे.