वहिनीच्या गोदामातल्या फिरत्या खुर्च्या

माझी वहिनी सरकारी गोदामाची व्यवस्थापक. तिच्या गोदामातून फिरत्या खुर्च्या नाहीशा झाल्या, तेव्हा त्या कुठे आहेत हे अख्ख्या कार्यालयाला ठाऊक होतं. नसेल कसं? सगळे त्यांच्यावरच बसले होते.

झालं असं, की नव्या दवाखान्यांसाठी चांगल्या गुबगुबीत, चाकांच्या खुर्च्या आल्या आणि वहिनी लेकीच्या बाळंतपणासाठी रजेवर गेली. मागे होते भांडारपाल, सगळ्या कार्यालयाचे मामा. निवृत्तीला टेकलेला माणूस, जन्मात कुणाला नाही म्हणणं जमलं नाही. वरून मोठ्या साहेबांचा तोंडी निरोप आला, तात्पुरती एक पाठवा. मामांनी पाठवली. मग लेखा विभागाला वाटलं, आम्ही काय घोडं मारलंय? बघता बघता सगळ्या खुर्च्या वर गेल्या आणि कागदावर कुणी टिंबसुद्धा काढलं नाही. वहिनी परत आली ती कामात बुडाली, आतल्या खोलीत डोकावायला तिला सवड झाली नाही. तपासणीत खोली रिकामी निघाली आणि आरोपपत्र आलं तिच्या नावानं: माल गहाळ, देखरेखीत कसूर, नोकरीतून का काढू नये?

काढू नये कारण घर तिच्या पगारावर चालतं, दुसरं काय! ती खुर्च्या मागायला वर गेली, तर जो तो म्हणे, ही आधीपासूनचीच आहे. माझ्या तर अंगाचा तिळपापड झाला. मी त्याच खात्यातली, साहेबाशी भांडून मुदतीआधी निवृत्ती घेतलेली. म्हणून चौकशीत तिची बाजू मांडणारी मदतनीस म्हणून मीच उभी राहिले. तिला बजावून ठेवलं होतं, सरळ मामांचं नाव घे आणि मोकळी हो.

"मामा माझ्या हाताखाली आहेत, ताई," ती म्हणाली. "त्यांनी काय केलं ते मला माहीत नव्हतं, हाच तर आरोप आहे."

चौकशी अधिकारी दुसऱ्या गावचे, त्यांना यातलं काही ठाऊक नाही. बैठकीच्या खोलीत त्यांना दिलेल्या खुर्चीत ते जरा डावीकडे, जरा उजवीकडे फिरत प्रश्न विचारत होते. मला आतून हसू फुटत होतं आणि रडूही येत होतं. त्यांनी विचारलं, गोदामाला जबाबदार कोण? वहिनी म्हणाली, मी. मी कपाळावर हात मारला. टंकलेखिकेनं खट्खट् करून ते उतरवूनही घेतलं.

मग वहिनीनं शांतपणे विचारलं, गेलेला माल परत आणायची जबाबदारीही माझीच ना? अर्थात, साहेब म्हणाले.

"मग जरा उठता का, साहेब?"

ते गोंधळून उठले. वहिनीनं खुर्ची उलटी केली. बुडाशी दवाखान्याचा शिक्का, ठसठशीत. साहेब त्याच्याकडे बघतच राहिले. पण माणूस दिलदार निघाला. चला, म्हणाले, कुठवर जातंय ते बघू.

पुढे जी धमाल उडाली ती काय सांगू! लेखा विभागात एकेकाला उठवलं. एक जण खुर्चीच्या हातांना घट्ट धरून बसला होता, त्याला वहिनीनं प्रेमानं सोडवलं. मोठे साहेब फोनवर होते. ते फोनवर हो हो करत उभे राहिले आणि त्यांच्याखालून खुर्ची निघून गेली. मामा दोन्ही हातांनी खुर्च्या ढकलत होते आणि हसून हसून डोळे पुसत होते. सामान नेण्याच्या उतारावरून मी तर एकीत बसूनच खाली आले, खोटं कशाला बोलू.

खाली मोजल्या तर एक कमी. हसणं जागच्या जागी थांबलं. मामांचा चेहरा पडला, त्यांनी वहिनीच्या खोलीकडे बोट केलं. तिची कंबर दुखते म्हणून ती येण्याआधी एक त्यांनी गुपचूप तिच्या टेबलामागे ठेवली होती. वहिनीला वाटलं होतं, जुनीच दुरुस्त होऊन आली. चौकशी अधिकारी पाठमोरे होते. मी कुजबुजले, ढकल पटकन या बाकीच्यांत, कुणाला कळतंय?

तिनं ती उलटी केली, शिक्का बघितला आणि साहेबांना हाक मारली. "लिहा, शेवटची माझ्याखालीच सापडली. आणि मला पत्ताही नव्हता."

साहेब भिंतीला धरून हसले. मग टंकलेखिकेला यंत्रासकट खाली बोलावून उभ्या उभ्याच त्यांनी मजकूर सांगितला: माल पुरा मिळाला, गहाळचा आरोप टिकत नाही, नोकरीला धक्का लावण्याचं कारण नाही. मला वहिनीला मिठी मारावीशी वाटली, आणि मी मारलीच. तेवढ्यात पुढचं वाक्य आलं: देखरेखीत कसूर झाल्याबद्दल व्यवस्थापकांना लेखी ताकीद. मी भांडायला तोंड उघडलं, तर वहिनीनं माझा हात दाबला. ताकीद बरोबर आहे, म्हणाली.

"मामा माझ्या हाताखाली, म्हणून ताकीद मला. पण मी कुणाच्या हाताखाली आहे, तेही लिहायचं ना, साहेब?"

टंकलेखिकेनं साहेबांकडे एकदा पाहिलं, त्यांनी नको म्हटलं नाही, आणि तिनं मोठ्या साहेबांचं पद टाइप करायला घेतलं.