खिळेकाकांचा न हललेला वजीर

खिळेकाकांनी आयुष्यात तीन न्यायाधीश, एक शल्यविशारद आणि एका विद्यापीठाचे कुलगुरू हरवले, पण यातल्या एकाचंही तोंड कधी पाहिलं नाही. ते बुद्धिबळ खेळायचे ते पोस्टकार्डावर. एक चाल लिहायची, कार्ड पेटीत टाकायचं आणि उत्तराची पंधरा दिवस वाट पाहायची. एकेक डाव वर्ष-दीड वर्ष चालायचा. माणसाला धीर किती असावा, तर खिळेकाकांएवढा असावा.

नोकरीही तशीच धिराची होती. छापखान्यात अक्षरांचे शिशाचे खिळे एकेक करून जुळवायचे, म्हणून तर सगळे त्यांना खिळेकाका म्हणत. छापखान्यात संगणक आला, काका घरी बसले, आणि दुसऱ्याच वर्षी त्यांचा उजवा हात थरथरायला लागला. चहा बशीत सांडायला लागला तेव्हा त्यांना काही वाटलं नाही. पण एका प्रतिस्पर्ध्यानं ‘आकडे वाचता येत नाहीत, कृपया पुन्हा लिहा’ असं कळवलं, त्या दिवशी ते जेवले नाहीत.

“एवढंच ना? तुम्ही सांगा, मी लिहिते,” काकू म्हणाल्या.

काकू शाळेत पहिलीच्या बाई. अक्षर म्हणजे नुसते मोती. बुद्धिबळातलं त्यांना ओ की ठो कळत नव्हतं, पण कळायची गरजही नव्हती. कार्डावर नुसते आकडे असतात. पटावरच्या प्रत्येक घराला दोन आकडी नंबर, आणि चाल म्हणजे कुठल्या घरातून कुठल्या घरात, एवढंच. त्यामुळे दर रविवारी सकाळी जेवणाच्या टेबलावर एका बाजूला पट, एका बाजूला काकू, आणि मध्ये चहा. काका पटाकडे बघत तासभर गप्प. काकू वह्या तपासत. मग काका आकडे सांगत, काकू लिहीत आणि कोपऱ्यावरच्या पेटीत टाकून येत. आठवड्यातली ही दोघांचीही सगळ्यात आवडती वेळ होती. दोघांनी ते कधी एकमेकांना सांगितलं नाही, हा भाग वेगळा.

अशी चार वर्षं गेली आणि काका टपाली अजिंक्यपदाच्या अंतिम डावाला जाऊन पोचले. समोर होता दूर देशीचा एक बोटीवरचा इंजिनियर. काकांनी त्याला पुरतं कोंडलं होतं. हत्ती एक्कावन्नवरून चोपन्नवर आणला, की खेळ खल्लास. काकांनी चाल सांगितली, काकूंनी लिहिली.

अठरा दिवसांनी उत्तर आलं. ‘6858. हत्तीबद्दल आभार.’

काकांनी कार्ड उलटसुलट करून पाहिलं. अठ्ठावन्नवर त्यांचा हत्ती गेलाच कधी? आणि मग त्यांच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. जन्म छापखान्यात गेलेला माणूस, मुद्रणदोष त्याला कळणार नाही तर कोणाला? काकूंनी त्या सकाळी पहिलीच्या वह्या तपासता तपासता 5154 मधले 515 पर्यंत इंग्रजी आकडे काढले, आणि शेवटचा चार काढला तो मुलांना शिकवतात तसा, सुबक, गोलमटोल, मराठी ४. बोटीवरच्या माणसाला मराठी कुठून यायला! त्यानं तो सरळ आठ वाचला आणि फुकटचा हत्ती मारला.

दाद मागता आली असती. नियम होता. लिहिणाऱ्यानं आपल्या सहीनं झालेल्या चुकीबद्दल खुलासा पाठवायचा, पंच विचार करतात. म्हणजे काकूंना सांगायला हवं. आणि काकूंचा स्वभाव काकांना ठाऊक होता. लग्नानंतर एकदा त्यांच्या सायकलचा एका म्हाताऱ्याला जरासा धक्का लागला होता. म्हातारा हसत उठून निघून गेला, पण काकू पुन्हा सायकलवर बसल्या नाहीत त्या नाहीतच. हे कळलं तर त्या पेन कायमचं खाली ठेवतील. अजिंक्यपद मिळेल आणि रविवार जाईल.

“काय म्हणतोय इंजिनियर?” काकूंनी विचारलं.

“भारी चाल काढली लेकानं. हरलो आपण.”

काकूंनी मग वर्षभर आल्यागेल्याला ऐकवलं, “हातातोंडाशी आलेला घास घालवला यांनी! गाफील राहिले, दुसरं काय!” काका मान डोलवायचे. “खरंय. गाफीलच मी.”

पुढच्या स्पर्धेत मात्र काकांनी कहर केला. ‘इंग्रजी चार काढ’ म्हणावं, तर काकू ‘का?’ विचारणार, आणि खोटं बोलणं काकांना एकदाच जमलं होतं. म्हणून त्यांनी चार हा आकडा असलेली चालच खेळायची नाही असं ठरवलं. वजिराचं घरच मुळी एक्केचाळीस, काळा असला तर अठ्ठेचाळीस. तो बिचारा एकाच वेळी चाललेल्या पाचही डावांत जागचा हलला नाही. काका सणकून मार खात होते.

एका रविवारी काकूंनी पेन थांबवलं. “अहो, वर्षभरात मी एकदाही चार लिहिला नाही.”

“डावपेच असतो तो.”

काकू उठल्या आणि कपाटातून जुन्या कार्डांचा गठ्ठा घेऊन आल्या. इंजिनियरचं कार्ड त्यांनी दोनदा वाचलं. “अठ्ठावन्न? तुम्ही तर चोपन्न सांगितलं होतं. मला चांगलं आठवतंय.” मग कोऱ्या कागदावर त्यांनी एक ४ काढला, शेजारी 8 काढला, आणि बराच वेळ बघत राहिल्या. डोळे भरून आले.

“एवढं अजिंक्यपद गेलं आणि मला सांगितलं नाहीत?”

“सांगितलं असतं तर पुन्हा पेन धरलं असतंस?”

 पदराला डोळे पुसून काकूंनी कोरं कार्ड पुढ्यात ओढलं. “सांगा.”

“बेचाळीसवरून चव्वेचाळीस,” काका म्हणाले. चालीत फारसा दम नव्हता, पण तिच्यात चाराचे तीन आकडे होते. काकूंनी ते तिन्ही इंग्रजीत काढले, प्रत्येकाचा कोन नीट काढून, आणि कार्ड काकांसमोर धरलं.

“तपासा,” त्या म्हणाल्या.