कलियोपीबाईंच्या हंड्याचं सील

कलियोपीबाईंच्या अंगणातल्या तांब्याच्या हंड्यावर अख्ख्या गावाची राकी, म्हणजे द्राक्षाची दारू, उतरायची. द्राक्षांचा रस काढला की उरलेला चोथा पिंपात आंबवायचा आणि नोव्हेंबरात त्यांच्याकडे आणायचा, हा क्रीटमधल्या त्या डोंगरगावचा रिवाज. परवाना सासऱ्यांपासूनचा. अबकारी खातं अठ्ठेचाळीस तासांसाठी हंड्याचं सील तोडतं, मग पुन्हा ठोकतं.

दोन वर्षांपूर्वी मुदत दुपारी बाराला संपली, तेव्हा शेजारच्या मारूलीची राकी निम्मीच उतरली होती. अशा वेळी विस्तव काढणं म्हणजे पाहुण्याला भरल्या ताटावरून उठवणं. बाईंनी भट्टी चालू ठेवली. चारला अबकारीचा स्टाथिस दारात! बेकायदा गाळप म्हणून खटला झाला आणि परवाना निलंबित.

मुदतीत चढवलेला हंडा पुरा उतरवणं म्हणजे चोरटं गाळप नव्हे, असं म्हणत कोर्टाने बाईंना निर्दोष सोडलं. निकाल घेऊन त्या तडक कचेरीत गेल्या.

"सोडलंय मला. आता परवाना दे."

"मावशी, सरकारी वकिलाने अपील केलं नाही, असा दाखला लागेल," स्टाथिस मान वर न करता म्हणाला.

"न केलेल्या गोष्टीचाही दाखला? उद्या मी नवरा सोडला नाही याचाही मागशील!"

महिनाभर हेलपाटे घालून बाईंनी तोही आणला आणि ऐन हंगामात परवाना परत मिळवला. पण खरी धास्ती पुढेच होती. मधल्या काळात गाव शेजारगावच्या भट्टीवर जाऊ लागलं होतं. बाईंना कुणी चोर म्हणत नव्हतं, पण अबकारीची नजर असलेल्या अंगणात पाय ठेवायला सगळे कचरत होते. "मी कुणाच्या पाया पडणार नाही," असं म्हणत बाई चारचौघांच्या दारांवरून मुद्दाम हळूहळू चालून आल्या. कुणी हाक मारली नाही.

मंगळवारी सकाळी स्टाथिस सील तोडायला आला, तेव्हा अंगणात बाई एकट्याच होत्या. त्याने तार कापली, सही घेतली आणि तिथेच घुटमळला.

"आता कसला दाखला राहिला?"

"गाडीत दोन पिंपं आहेत, मावशी. बाबांचा चोथा. दुसऱ्या भट्टीची राकी ते तोंडात धरत नाहीत. साहेबांची परवानगी घेऊन आलोय."

"खटला भरलास तेव्हा बाबांना विचारलं होतंस?"

"नाही. त्यांनीच मला विचारलं. काठी घेऊन."

बाई खो खो हसल्या आणि हसता हसता त्यांचे डोळे भरून आले. "उतरव," त्या म्हणाल्या.

गणवेशातला अबकारी अधिकारी पिंपं ढकलत आत नेतोय, हे समोरच्या कॉफीच्या दुकानातून सगळ्यांनी पाहिलं. कोर्टाचा निकाल त्यांच्यापैकी कुणीही वाचला नव्हता. तासाभरात फाटकाशी तीन ट्रॅक्टर लागले. माणसं टोप्या हातात धरून उभी राहिली.

इतके दिवस कुठे होतात, हे एकेकाला विचारायचं बाईंनी कधीचं ठरवून ठेवलं होतं. त्यांनी सगळ्यांच्या तोंडाकडे एकदा पाहिलं.

"उभे काय राहिलात? बसा," त्या म्हणाल्या. "आधी दोन घास खाऊन घ्या."