बॉयलररूमचं दार कुणी उघडलं? जयपूर-चौमूंची एक फ्रिगेट-सफर

जयपूरला जाऊन युद्धनौकांबद्दल ऐकून आलेय असं सांगितलं की लोक आधी हसतात. समुद्र कुठे, जयपूर कुठे! पण माझा मामा सध्या तिथे राहतो आणि मामा जिथे तिथे फ्रिगेट, असं आमच्याकडचं समीकरण आहे.

मामा म्हणजे विनायक पेडणेकर. ऐन तारुण्यात नौदलात गेला आणि बरीच वर्षं एका फ्रिगेटच्या, म्हणजे मध्यम आकाराच्या युद्धनौकेच्या, बॉयलररूममध्ये होता. मामी गेल्यावर त्याच्या मुलीनं, अपर्णानं, त्याला आपल्याकडे नेलं. तिचा नवरा लष्करात, जयपूरला पोस्टिंग. जानेवारीच्या शेवटी मामाचा फोन आला.

"बाय, रामनारायण सापडला! इथेच आहे, चौमूंच्या बाहेर. अपर्णा मला एकट्याला सोडत नाही. तू येतेस?"

रामनारायण हे नाव आमच्या घरात देवासारखं घेतलं जायचं. बॉयलररूममध्ये वाफेचा पाइप फुटला तेव्हा त्यानं मामाला ओढून बाहेर काढलं, ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकलेली. मामाच्या डाव्या दंडावर भाजल्याची खूण आहे. आजी दर दिवाळीला एक पणती "त्या राजस्थानच्या पोरासाठी" लावायची. नोकरी संपली, पत्ते हरवले आणि दोघांची पुन्हा भेटच झाली नाही. आता निवृत्त नाविकांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर कुणीतरी फोटो टाकला आणि मामानं ती मिशी ओळखली. मी शाळेत रजा टाकली.

रत्नागिरीहून मुंबई, तिथून विमानानं जयपूर. आधी तिकीट काढलंत तर विमान एसी रेल्वेपेक्षा फार महाग पडत नाही. फेब्रुवारीत जात असाल तर स्वेटर हवाच. दुपारी ऊन चटका देतं आणि सूर्य कलला की दात वाजतात. अपर्णाचं घर खातीपुऱ्याच्या बाजूला. विमानतळावरून रिक्षावाले तोंडाला येईल ते सांगतात, म्हणून अॅपवरून गाडी बोलवा.

"ताई, बाबा दोन दिवस झोपलेच नाहीयेत," अपर्णानं दारातच सांगितलं. "मतलब, एकदम शादीवाला घर करून ठेवलंय."

खरंच होतं. मामानं पांढरा शर्ट इस्त्री करून खुर्चीला लटकवला होता.

रामनारायणजींकडे घरात काही कार्य होतं, म्हणून त्यांनी परवा या असं कळवलं होतं. मधला दिवस मोकळा. मामाला म्हटलं, इथला जयगड किल्ला बघू या. खालच्या आमेर किल्ल्यातल्या गर्दीपेक्षा वरचा जयगड मला जास्त आवडला. गाडी थेट वरपर्यंत जाते, त्यामुळे गुडघे दुखणाऱ्यांची सोय होते. आत चाकांवरची ती अजस्र जयबाण तोफ आहे. सगळे तिच्यासमोर फोटो काढत होते. मामा मात्र तिच्याभोवती फिरून तोंडाजवळ थांबला आणि मान हलवू लागला.

"काय झालं?"

"ही जहाजावर ठेवली तर जहाज पहिल्याच बाराला आडवं होईल," तो म्हणाला. "फ्रिगेटला असलं जड काम चालत नाही, बाय. फ्रिगेट म्हणजे चपळ."

तटावर सावलीत बसून मग त्याचा तास सुरू झाला. शिडांच्या काळात इंग्रजांची मोठी जहाजं दोन-दोन, तीन-तीन मजल्यांवर तोफा घेऊन रांगेनं लढायची. फ्रिगेटच्या मुख्य तोफा एकाच मजल्यावर. म्हणून ती हलकी, लांबवर जाणारी. शत्रू कुठे आहे ते बघून यायचं, व्यापारी जहाजं धरायची, आपली राखायची. आपल्याहून मोठ्याच्या वाटेला जायचं नाही आणि छोट्याला निसटू द्यायचं नाही.

"त्यातली एक आपल्या मुंबईच्या गोदीत बांधलेली," मामा म्हणाला. "मलबारचं सागवान, पारशी मिस्त्री. दोनशे वर्षं झाली, अजून इंग्लंडच्या एका बंदरात तरंगतेय. लोक तिकीट काढून बघतात."

मला हे ठाऊकच नव्हतं. ओकच्या लाकडापेक्षा सागवान टिकतं, हे इंग्रजांना आपल्या किनाऱ्यावर कळलं होतं तर!

"मग वाफ आली, लोखंड आलं आणि फ्रिगेट हा शब्दच अडगळीत गेला," मामा पुढे म्हणाला. "दुसऱ्या महायुद्धात पाणबुड्या मालाची जहाजं बुडवायला लागल्या, तेव्हा इंग्रजांना राखणीसाठी लहान, पुष्कळ जहाजं हवी झाली. तेव्हा ते जुनं नाव पुन्हा काढलं. युद्धानंतर त्यातूनच लिअँडर वर्गाची फ्रिगेट आली."

लिअँडर म्हणताना त्याचा आवाज बदलला. पाणबुडी शोधायची यंत्रं, मागे हेलिकॉप्टर, वादळातही तोल न सोडणारा सांगाडा. ब्रिटिशांचा हा आराखडा इतका जमला की बऱ्याच देशांनी तो घेतला. आपणही घेतला. नकाशे तिकडचे आणि हात मुंबईच्या गोदीतले. मामाची फ्रिगेट त्या घराण्यातली. (तिचं नाव मुद्दाम लिहीत नाही.)

"आणि आताच्या?"

"आता बॉयलरच नाहीत. विमानासारखी टर्बाइनं. बटण दाबलं की चालू. बरं आहे, भाजत नाही कुणी." आणि तो तटाबाहेर बघत राहिला. खाली उघडे डोंगर होते, दूरवर धूळ. मला वाटलं, ह्याला त्यात समुद्र दिसत असणार, पण विचारलं तर म्हणाला, "भूक लागलीय."

खाली उतरून प्याज कचोरी खाल्ली. जयपुरात ती सकाळी खा. संध्याकाळपर्यंत तेल बोलायला लागतं.

दुसऱ्या दिवशी चौमूं. झोटवाड्यातून सीकर रोडला लागायचं, मग सरळ. बस भरपूर आहेत, पण मामासाठी आम्ही दिवसभराची टॅक्सी केली. गावाबाहेरच्या कच्च्या वाटेवर बाजरीची शेतं कापून झालेली आणि मोहरी पिवळीधमक. फाटक दिसलं तसा मामानं खिशातून कंगवा काढला.

रामनारायणजी अंगणात उभेच होते. उंच, वाकलेले, मिशी पांढरी पण टोकं अजून वर. दोघांनाही कानानं कमी ऐकू येतं, बॉयलररूमची देणगी. त्यामुळे भेट झाली ती आरडाओरडा करतच.

"पेडणेकर! मोटा हो गया तू!"

"और तू आधा हो गया!"

मिठी काही सुटेना. त्यांची सून ताक घेऊन आली, डोक्यावर पदर, डोळे हसरे. मामानं तिच्याकडे वळून जवळजवळ सलामच ठोकला.

"बेटी, तेरे ससुर ने मेरी जान बचाई थी. यही कहने आया हूँ."

सून गोंधळली. "बाबूजी तो उलटा बताते हैं. कहते हैं महाराष्ट्रवाले पेडणेकरजी ने उनको निकाला. बच्चों को भी यही सुनाया है."

"बराबर बोल रही है," रामनारायणजी म्हणाले. "मुझे तूने निकाला. मैं बेहोश था."

"बेहोश तो मैं था!"

आधी सगळे हसले. मग दोघं भांडायला लागले. वाढलेला गोड चुरमा ताटात तसाच. शेवटी रामनारायणजींनी काठी उचलली आणि अंगणातल्या वाळूत बॉयलररूम काढली. शेजारी शेजारी दोन बॉयलर, मध्ये अरुंद वाट, वर जायची शिडी, शिडीच्या टोकाला दार. मामा खाली बसला आणि बोटानं चुकलेल्या रेघा दुरुस्त करू लागला. चाळीस वर्षांनी दोघांना प्रत्येक पंप कुठे होता ते आठवत होतं.

मला समजलं ते असं. भट्टीला जोराची हवा लागते, म्हणून अख्खी खोली पंख्यांनी हवा कोंडून दाबाखाली ठेवलेली असायची. त्यासाठी एका दाराऐवजी दोन दारं, मध्ये कपाटाएवढी जागा. एक बंद केल्याशिवाय दुसरं उघडायचं नाही. दोन्ही एकदम उघडली तर दाब जातो आणि भट्टीची ज्वाळा उलटी खोलीत येते.

"पाइप इथे फुटला," मामा म्हणाला. "कोरडी वाफ दिसत नाही, बाय. नुसता आवाज. मी मागे सरलो आणि डोकं आपटलं. मग कुणीतरी कॉलर धरली."

"मैं यहाँ गिरा," रामनारायणजींनी काठी दुसऱ्या बाजूला ठेवली. "किसी ने बेल्ट पकड़ के खींचा."

दोघंही जहाजाच्या दवाखान्यात शुद्धीवर आले होते, शेजारशेजारच्या खाटांवर. दोघांनीही शेजारी बघितलं आणि यानंच मला बाहेर काढलं, असं मनाशी ठरवून टाकलं.

मी सहज विचारलं, "मग दार कुणी उघडलं?"

काठी वाळूवर थांबली.

"दोघेही आत, दोघेही पडलेले," मामा हळूहळू बोलू लागला. "ज्वाळा उलटली नाही. म्हणजे कुणीतरी बाहेरून आलं. मधल्या जागेत शिरलं. बाहेरचं दार मागे नीट लावलं, आणि मगच आतलं उघडलं. एवढ्या घाईत."

"दोन बार," रामनारायणजी म्हणाले. "एक तेरे लिए, एक मेरे लिए."

दोघांनी एकमेकांकडे बघितलं आणि एकदमच म्हणाले, "जोसेफ."

जोसेफ केरळचा. त्यांच्याच पाळीत, पण तेव्हा बाहेर मीटर बघायला गेलेला. कमी बोलणारा. त्या प्रकारानंतर हे दोघं मुंबईच्या इस्पितळात असतानाच त्याची बदली झाली. तो कधी भेटायला आला नाही, कधी काही बोलला नाही, आणि ह्यांनी कधी विचारलं नाही.

जेवण उत्तम होतं. बाजरीची रोटी, लसणाची चटणी, वर तुपाची धार. पण दोघांपैकी कुणी धड जेवलं नाही. निघताना त्यांनी पुन्हा मिठी मारली. ती आधीच्यासारखी नव्हती. दोघंही जरा लाजल्यासारखे वाटले.

परतीच्या वाटेवर मामा खिडकीबाहेर बघत म्हणाला, "आई पणती लावायची त्याच्यासाठी."

"मग काय झालं?"

"काही नाही. पण आता तो माझा कोण? जीव वाचवणारा म्हणून शोधला त्याला. ते नाही, तर मग चाळीस वर्षं न भेटलेला एक माणूस."

अपर्णानं त्याला घरी आल्यावर दोनदा विचारलं आणि दोनदा तो "बरं झालं" एवढंच म्हणाला. पांढरा शर्ट त्यानं गोळा करून मशीनमध्ये टाकला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी हवामहालाकडे जायला निघत होते, तेवढ्यात बेल वाजली. दारात रामनारायणजी. एकटे, बसनं आलेले, चौमूंहून बस बदलत. हातात सुनेनं दिलेला चुरम्याचा डबा.

"कल किसी ने खाया नहीं," ते म्हणाले. मग खुर्चीवर बसले आणि मामाकडे बघत राहिले. "नींद नहीं आई, यार. सोचता रहा, अब तू मेरा कौन हुआ."

मामाच्या डोळ्यांत पाणी आलं.

"फिर सोचा," रामनारायणजी म्हणाले, "उस रात से पहले भी तो तू ही था. मेरी चिट्ठियाँ कौन लिखता था घर पे? मुझे तो लिखना आता नहीं था ठीक से. लिखना सिखाया किसने?"

ही गोष्ट मला ठाऊक नव्हती. अपर्णालाही नाही. मामानं आजवर वाफेचीच गोष्ट सांगितली होती. कारण ती मोठी होती. पण बंदरात जहाज लागल्यावर डेकवर बसून अक्षरं शिकवणं, एकमेकांची पाळी धरणं, एकमेकांच्या लग्नाला जाता आलं नाही म्हणून तारा करणं, ही सगळी वर्षं त्या एका प्रसंगाच्या मागे दबून गेली होती.

हवामहाल राहिला. दिवसभर मी चहा करत होते आणि ते बोलत होते. संध्याकाळी तिघांचे फोन एकत्र करून आम्ही जोसेफचा शोध सुरू केला.

मी घरी परतले त्याला महिना झाला. मध्यंतरी जोसेफ सापडले, कोल्लमजवळ. मामानं फोनवर सगळं सांगितलं, रामनारायणजी शेजारून ओरडत होते. जोसेफनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, नीट आठवत नाही. दार उघडलं असेल. बाहेर मीच होतो, दुसरं कोण उघडणार?

काल ते दोघं केरळला जाणाऱ्या गाडीत रत्नागिरीवरून गेले. मी डबा घेऊन स्टेशनवर गेले होते. रामनारायणजी पायरीवर उभे राहून कोकणची हिरवाई बघत होते. मामा खिडकीत.

ब्रिटिशांच्या फ्रिगेटचा इतिहास मी आता वाचत असते. कुठल्या वर्गानंतर कुठला आला, सागवान, पोलाद, बॉयलर, टर्बाइन. पण प्रत्येक नकाशात मी आधी दारं शोधते आणि त्यांच्या आतबाहेर कोण उभं असेल याचा विचार करते.

गाडी सुटायला आली तेव्हा मी मामाला विचारलं, "त्यांना आठवतच नाही, तर एवढ्या लांब जाऊन करणार काय?"

"आठवत नाही म्हणूनच चाललोय," मामा म्हणाला. "त्यानं काय केलं ते त्याला कुणीतरी सांगायला नको?"