सुकाने थोपवून धरलेला लोहार

बेटेगावच्या मागं एक पाडा आहे. तिथून कारखान्यांची धुराडी दिसतात आणि वारा फिरला की त्यांचा वासही येतो. त्या पाड्यावर सुका राहतो. अंगानं काटक, बोलणं कमी. पावसावर पिकणारी भाताची तीन खाचरं, दारात एक आंबा, आणि कमरेला लाकडी आकडीत अडकवलेला कोयता. कोयत्याशिवाय सुका दिसला असता तर घरच्या कोंबड्यांनीही त्याला ओळखलं नसतं.

भात निघालं की पाड्यावर काम उरत नाही. मग सुका आणि त्याचा एकुलता पोरगा हितेश, दोघं प्रीतमच्या टेम्पोतून बोईसरला मजुरीला जायचे. प्रीतम हा सुकाच्या बायकोचा, जिवलीचा, धाकटा भाऊ. कारखान्यांना माणसं पुरवायचा. तोंडाचा गोड, जिवाचा घाईचा.

परतीच्या वाटेवर हितेश मोबाईलवर गेम खेळायचा आणि सुका त्याच्या खांद्यावरून बघायचा. गेममधला योद्धा डोंगर ओलांडायचा, राक्षस मारायचा. त्यात सुकाचं मन रमलं नाही. ते रमलं एका म्हाताऱ्या लोहारात. लोहार त्या गोष्टीत बाजूचाच माणूस, योद्ध्याला तलवार करून देण्यापुरता. पांढरी दाढी, वाकलेली पाठ, पुढ्यात पेटलेली भट्टी. गढीवरच्या सरदाराच्या शिपायांनी त्याच्या पोराला मारलेलं. तलवार योद्ध्याच्या हातात दिली की लोहार आपला हातोडा उचलायचा, गढीकडे निघायचा आणि तिसऱ्या दरवाजात पडायचा.

लोहार बोलायचा इंग्रजीत. हितेश ते आपल्या बोलीत करून सांगायचा, तसाच घोगरा आवाज काढून.

"माझा पोरगा गेला, आता मी घरी कुनासाठी बसू, असा बोलतो तो."

"मग अडव ना त्याला," सुका म्हणाला.

"अडवलाय, बा. दोन बटनं येतात. वरचं दाबलं, तर संगं चल सांगायचं. मग तो येतो नि मरतो. खालचं दाबलं, तर तू घरी बस सांगायचं. तर तो मागनं गुपचूप जातो नि मरतो."

"तलवारच घेऊ नको त्याच्याकडनं."

"मग गेम पुढं कसा जाईल?"

"नको जाऊ दे. तुला कुठं जायाचाय?"

टेम्पोतली माणसं हसली. पुढून प्रीतम ओरडला, "भावजी, घरात लोहारीन हाय का तेबी बघा! एकटी असंल तर तुमी ऱ्हावा तिथंच!"

सगळ्यांत मोठ्यानं हितेशच हसला होता.

उन्हाळ्याच्या तोंडाला एका कारखान्यात रसायनाची टाकी धुवायची निघाली. टाकीत उतरणाऱ्याच्या कमरेला दोर बांधायचा आणि वर उभ्या माणसानं तो हातात धरायचा, ही टोळीची पद्धत. आत माणूस हलेनासा झाला की दोर सांगतो आणि त्याला ओढून काढता येतं. त्या दिवशी दोर टेम्पोत राहिला आणि टेम्पो फाटकाबाहेर. "दोन मिन्टांचं काम हाय, उतर," प्रीतम म्हणाला. मामाचा शब्द, हितेश उतरला. सुका तेव्हा पलीकडच्या शेडमध्ये गोणी शिवत होता. ओरडा ऐकून तो आला तेव्हा प्रीतम दोर आणायला अनवाणी पळत होता. पळत आणलाही. पण दोराचं टोक पकडायला खाली कुणी राहिलं नव्हतं.

पोलीस आले, साहेब आले, गेले. फाटक बंद झालं आणि थोड्या दिवसांनी उघडलं. सुका त्या फाटकापुढं दोनदा जाऊन उभा राहिला. तिसऱ्या वेळी पहारेकऱ्यानं विचारलं, "किसको मिलना है?" सुकाला नाव सांगता आलं नाही. कारखान्याला तोंड नव्हतं. प्रीतमला होतं.

तेव्हापासून सुका रोज सकाळी विहिरीजवळच्या दगडावर कोयता घासू लागला. गवत कापायला इतकी धार लागत नाही, हे जिवलीला कळत होतं.

"तो माझा भाऊ हाय," ती म्हणाली.

"हितेश माझा पोरगा होता."

"माझा नवता का?"

सुकानं दगडावर पाणी ओतलं आणि पुन्हा घासू लागला.

तरी हात थांबला होता तो रीतीपायी. मेलेल्याचा दिवस घातल्याशिवाय त्याला वाट सापडत नाही, तो घराभोवतीच फिरत राहतो. आणि पाड्याची रीत अशी, की मामानं आणलेलं नवं कापड पाटावर पडल्याशिवाय दिवस होत नाही. सख्खा मामा जिवंत असेल तर त्याचंच कापड लागतं. हितेशला सख्खा मामा एकच. ज्याच्या मानेसाठी सुका धार लावत होता, त्याच्याचकडून त्याला आधी पोराची वाट मोकळी करून घ्यायची होती. मग काय ते मग. घरात तांदूळ आल्यावर दिवस, आणि दिवस झाला की प्रीतम पाड्याची वेस ओलांडायच्या आत.

तोवर सगळा पावसाळा त्यानं हितेशचा मोबाईल सांभाळला. शेजाऱ्याकडं चार्जिंगला लावायचा, लाईट गेली तर ती येईपर्यंत तिथंच बसून राहायचा. गेम उघडला की हितेशनं शेवटी सोडला होता तिथंच, लोहार दारात उभा. तलवार तयार, पुढं केलेली. सुका योद्ध्याला त्याच्याजवळ जाऊच द्यायचा नाही. अंगणात फिरवायचा, चुलीजवळ न्यायचा, परत फाटकापाशी आणायचा. लोहार इंग्रजीत काहीतरी म्हणायचा आणि सुकाला हितेश ऐकू यायचा. पाड्यावरचे हसायचे. "सुका, किती दिवस त्याच घराला फेऱ्या मारशील? सोयरीक जमवायची हाय काय?" सुका योद्ध्याला पुन्हा चुलीकडं वळवायचा. आवणी झाली, बेणणी झाली, भात पोटरीत आलं. लोहार जिवंत होता.

भात घरात आलं आणि दिवस ठरला. सांगावा गेला तसा प्रीतम आला. अंगानं अर्धा झाला होता. नवं कापड काखेत धरून तो अंगणाच्या कडेला थांबला, कुणी या म्हणेपर्यंत. जिवलीनं पाणी दिलं. सुकानं त्याच्या पायांकडं पाहिलं. आजही अनवाणीच होता.

सकाळच्या उन्हात कामडी बसला, मेलेल्याला गाण्यातून बोलावणारा म्हातारा. मांडीवर घांगळी. भोपळ्याचं ते वाद्य एका सुरात घुमू लागलं. कुणाच्या अंगात यायचं ते मेलेलाच ठरवतो. सुकाला वाटत होतं, हितेश आईकडं जाईल. नाहीतर आपल्याकडं येईल. गाणं डोंगर ओलांडून, नदी ओलांडून घराच्या दारापर्यंत आलं आणि पाटाजवळ बसलेला प्रीतम थरथरू लागला.

"कोन आला?" कामडीनं विचारलं.

"मी. हितेश."

जिवली रडत पुढं सरकली. सुका जागेवरून हलला नाही.

"तान लागली," प्रीतमचं तोंड म्हणालं.

मेलेल्याला बापानं आपल्या हातानं पाजायचं असतं. सुकानं ताडीचा वाडगा उचलला. पुढ्यात तोच चेहरा होता, जो पावसाळाभर दगडावर घासताना त्याला दिसत होता. त्यानं वाडगा त्या ओठांना लावला. ताडी हनुवटीवरून ओघळली. हितेश प्यायचा तशीच, घाईघाईनं.

"आजून काय पायजे?" कामडी म्हणाला.

"माझा मोबाईल."

"नाय," सुका म्हणाला. बसलेले सगळे त्याच्याकडं पाहू लागले.

"मागितलेला द्यायला लागतो, सुका."

"दुसरा कायबी माग. कोंबडा माग, शर्ट माग. तो नाय."

"बा," ते तोंड म्हणालं, "दे ना."

सुकानं दिला. प्रीतमचे अंगठे चालू लागले आणि सुका, सवयीनं म्हणा, त्याच्या खांद्यावरून वाकून बघू लागला. योद्धा सरळ दारात गेला. तलवार घेतली. दोन बटणं आली. अंगठा खालच्यावर पडला. लोहारानं मान हलवली, भट्टी विझवली, जाऊन बसला. आणि मग उठला, हातोडा घेतला, गढीकडं चालू लागला. पहिला दरवाजा. दुसरा.

"थांबव त्याला," सुका म्हणाला. "हितेश, थांबव."

तिसऱ्यात लोहार पडला.

"बा, तू घरी बस," प्रीतमचं तोंड म्हणालं आणि प्रीतम पाटाशेजारी आडवा झाला.

ते कोण बोललं? टेम्पोत त्या बटणाची गोष्ट प्रीतमनंही ऐकली होती, पुढच्या सीटवरून, दर संध्याकाळी. की खरंच पोरगा येऊन गेला? कुणाला विचारायचं? कामडीनं घांगळी बाजूला ठेवली होती. दिवस झाला होता. आता रीत आडवी नव्हती. प्रीतम डोळे मिटून पडला होता, मान मागं टाकून, गळा उघडा. सुकाचा हात कमरेच्या आकडीकडं गेला.

त्या गळ्यातून आत्ता त्याला कुणीतरी बा म्हणालं होतं.

जिवली ओलं फडकं घेऊन आली आणि भावाचं तोंड पुसू लागली. हनुवटीवरची ताडी पुसली, मग कपाळ, मग परत हनुवटी. सुका उभा राहून बघत होता. हात कोयत्यावर तसाच, पण कोयता आकडीतून निघाला नाही. मग तो खाली बसला.

प्रीतमनं डोळे उघडले. "मी काय बोललू, भावजी?"

"काय नाय."

"भावजी, तो दोर..."

"गप बस."

रीतीप्रमाणे शेवटची ताडी बाप आणि मामा, दोघांनी एकाच वाडग्यातून प्यायची होती. प्यायले. प्रीतम गेला आणि वेस ओलांडून गेला. मोबाईलवर योद्धा एकटाच लोहाराच्या रिकाम्या अंगणात उभा होता. सुकानं त्याला थोडा वेळ इकडंतिकडं फिरवलं. मग मोबाईल वळचणीला खोचला आणि चार्जिंगला परत कधी लावला नाही.

भात तीन खाचरांचं, ते पुरून किती पुरणार? थंडी सरायच्या आत सुका सकाळचा नाक्यावर जाऊन उभा राहिला. मजुरांना नेणारे दोन टेम्पो त्याच्यापुढून भरून गेले, वय झालेल्या माणसाला कुणी हाक मारली नाही. तिसरा प्रीतमचा होता. तो थांबला.

"भावजी, पुढं बसा."

सुका मागं चढला, हितेशच्या जागेवर. कोपऱ्यात तो दोर गुंडाळून पडला होता. सुकानं तो ओढून मांडीवर घेतला. टेम्पो बोईसरच्या रस्त्याला लागला. आरशातून प्रीतमनं पाहिलं.

"आज टाकी नाय, भावजी. गोणी भरायच्या हायत. दोर कशाला घेतलाव?"

सुकानं दोराचं एक टोक मनगटाला दोन वेढे देऊन घट्ट धरलं होतं. दुसरं टोक टेम्पोच्या तळाशी हादऱ्यांबरोबर हलत होतं.

"चल तू," तो म्हणाला.