पणजोबांनी वर केलेलं बोट

आमच्या घरात क्रिकेट कोणी खेळलं नाही, पण क्रिकेटचा डूख मात्र तीन पिढ्या धरला.

पणजोबा रायपूरला बांधकाम खात्यात ओव्हरसियर होते. दुर्बिणीतून बघून जमिनीची पातळी ठरवायची, हे काम. म्हणजे पोट डोळ्यांवर. त्यांचा साहेब गोरा, फौजेतला इंजिनियर. आठवडाभर पूल बांधायचा आणि रविवारी क्रिकेट खेळायचा. अंपायर हाताखालचाच कोणीतरी असे, आणि रिवाज असा की साहेबाची दांडी उडाली तरच साहेब बाद. पायचीत देण्याची कोणाची छाती नव्हती. पणजोबांनी दिलं. चेंडू दांड्यांसमोर पायावर आदळला, बोलर ओरडला, आणि ह्या पठ्ठ्यानं बोट वर केलं. आठवड्याच्या आत हातात इंग्रजी कागद पडला: नजर कमजोर, मोजणीच्या कामास अयोग्य. त्यानंतर दुर्बिणीला त्यांना कोणी हात लावू दिला नाही. उरलेला जन्म गोल बाजारात एका दुकानी गजानं कापड मोजण्यात गेला.

तो कागद बाबांनी बिस्किटाच्या डब्यात जपला. दसऱ्याला लोक शस्त्रं पुजतात, हत्यारं पुजतात. आमच्या पाटावर तो कागद असे, हळदकुंकू लावलेला. लहानपणी मी विचारलं, "काहून पूजतो आपण ह्याले?" बाबा म्हणाले, "खरं बोलल्याची पावती आहे ते."

मग नवं राज्य झालं आणि रायपूर राजधानी. मी त्याच खात्यात ड्राफ्ट्समन. भोपाळहून आलेल्या नव्या साहेबांना इतिहासाची भारी हौस. जुन्या बांधकामांचं प्रदर्शन ठरलं. मधोमध त्या गोऱ्याचा बॅट घेतलेला फोटो, आणि खाली माझ्याच सुंदर अक्षरात लिहायचं काय, तर 'महान अभियंता, सच्चा खिलाड़ी'. सच्चा! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. दुसऱ्या दिवशी कागद नेऊन साहेबांपुढे ठेवला. म्हटलं, हा पण लावा बाजूला. त्यांनी वाचला, सगळी हकीकत ऐकली आणि हसले.

"हो सकता है भाई, नज़र सच में कमज़ोर रही हो।"

मी कागद घडी करून खिशात घातला. मनात म्हटलं, थांब लेका, दाखवतोच तुले.

प्रदर्शनाच्या आदल्या रविवारी ऑफिसची मॅच होती. हे साहेब पहिले खेळणार, म्हणून अंपायर व्हायला कोणी तयार नाही. शंभर वर्षांत राज्य बदललं, रिवाज तोच! मी हात वर केला. आठ दिवस नियमांची घोकंपट्टी केली. बाबांना सांगितलं तर ते हट्टानं सोबत आले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, दिसत काही नाही, तरी सीमेजवळ लिंबाखाली खुर्ची टाकून बसले.

साहेब खेळत असताना मैदानात कोणी खोकतही नव्हतं. तिसऱ्याच ओव्हरला चेंडू त्यांच्या पायावर आदळला. बोलर आमचाच एक बाबू. तो अर्धा ओरडला आणि समोर कोण आहे हे आठवून गप्प झाला. मी बोट वर केलं. चांगलं ताठ, पणजोबांसाठी, बाबांसाठी, गजानं मोजलेल्या त्या सगळ्या कापडासाठी. काय सुख वाटलं म्हणून सांगू!

साहेबांनी बॅटकडे पाहिलं, मग माझ्याकडे. वाटलं, आता भडकतील. मला तेच हवं होतं. पण त्यांनी बॅट काखेत मारली आणि जाताजाता म्हणाले, "आपने दिया, तो आउट।" चहाच्या वेळी स्वतः माझ्याजवळ आले. "वो कागज़ कल ले आइए, लगाएँगे। ऐसी ही नज़र रही होगी आपके परदादा की।"

स्कूटरवर बूढापाऱ्यातल्या घरापर्यंत मी एकटाच बडबडत होतो. साहेबांची कशी जिरवली, कसं तोंड पडलं, कसा कागद लागणार. मागे बाबा बसले होते. घरी येऊन ते पलंगावर टेकले.

"बॉल पायाले लागायच्या आधी टक्क वाजलं," ते म्हणाले. "बॅटले लागला होता तो. मले लिंबाखाली बसून ऐकू आलं. तुले नाही आलं?"

चेंडू आधी बॅटला लागला तर पायचीत देता येत नाही, हे मी आठ दिवस पाठ केलं होतं. खोटं बोलायची सोय नव्हती.

"आलं होतं," मी म्हणालो.

बाबा उठले, चाचपडत डबा उघडला, कागद काढून माझ्या हातात दिला.

"घे, लाव नेऊन. माह्या आजोबाबद्दल लिहिलं ते खोटं होतं, म्हणून पूजत होतो. आता आपल्या घरात ते खरं झालं."