अनंताचा एक दिवस

अनंता गेला तेव्हा मी त्याच्यावर चिडलेली होते.

हे आधीच सांगून टाकते, नाहीतर पुढचं लिहिताच येणार नाही.

मोबाइलवरच्या गोळीबाराच्या गेममध्ये आमचा चौघांचा स्क्वॉड, म्हणजे टीम. मी, माझा भाऊ नीलेश, शहापूरला मी ज्या मेडिकलवर काम करते तिथलाच सचिन, आणि मुरबाडकडचा अनंता. आम्ही तिघं रोज एकमेकांची तोंडं बघणारे. अनंता गेममध्ये भेटला.

गेममधलं नाव 'सायलेंट वाघ'. माइक ऑन केला की तोंड बंद व्हायचं नाही.

"ताय, डावीकडं बघ! ताय, घरात लपलाय तो! मेलीस ना ताय!"

आम्ही एकाच वयाचे असू. तरी ताय.

जुलैत एक इव्हेंट होता. चौघांची टीम कंपल्सरी, पहिली मॅच रविवारी संध्याकाळी सहाला. आणि आमची भाताची आवणी, म्हणजे लावणी, अर्धी बाकी. माणसं मिळेनात. पप्पांनी सांगून टाकलं, "शेत पुरं झाल्याबिगर फोनला हात लावायचा नाय."

मी माइकवर रडगाणं गायले. अनंता म्हणाला, "मंग मी येतो ना सावडीला."

माझ्या मुंबईच्या मित्रमैत्रिणींसाठी: सावड म्हणजे आज तू माझ्या शेतात, उद्या मी तुझ्या. पैसे नाहीत. दिवसाला दिवस.

आम्हाला वाटलं, फेकतोय.

रविवारी सकाळी सातला पठ्ठ्या किन्हवलीच्या पुढे आमच्या दारात. डोक्यावर प्लॅस्टिकचा कागद, मोटरसायकल चिखलाने माखलेली, आणि दात काढतोय. त्याला प्रत्यक्ष बघायची ही पहिली वेळ.

नीलेशची एक ओळ लावून होईपर्यंत याच्या दोन. आईने लगेच नीलेशला ऐकवलं, "बघ, शिक काय तरी."

चारला शेत संपलं. सहाला आम्ही चौघं ओटीवर, चार फोन आणि एक चार्जर.

दुसऱ्याच मॅचला बाहेर पडलो. गेममध्ये नीलेश गोळी लागून उघड्यावर पडला आणि अनंता त्याला उठवायला धावला.

मी ओरडले, "सोड त्याला, मरशील!"

मेला. वर हसत बसला.

निघताना पप्पा म्हणाले, "तुझा दिवस आमच्यावर राहिला रे. कवा येऊ?"

"कापनीला या ना काका. लय मोठं शेत हाय आमचं."

ऑगस्टात पुढचा इव्हेंट आला आणि अनंता गायब. मेसेज नाही, फोन नाही. तीन संध्याकाळी वाट बघितली. मग मी व्हॉइस मेसेज टाकला.

"खेळायचं नसेल तर तसं सांग ना. आम्ही दुसरा घेतो."

आणि घेतलाही दुसरा.

दोन निळ्या टिक आल्या. उत्तर आलं आठवड्याने, त्याच्याच नंबरवरून, त्याच्या बहिणीचं. "दादा गेला. कावीळ झालती."

तो मेसेज त्याने ऐकला की बहिणीने? तिला विचारायची माझी हिंमत झालेली नाही. आजही नाही.

दहावं, तेरावं सगळं होऊन गेलं होतं. निदान त्याचा दिवस तरी फेडू, एवढंच आम्हाला सुचलं. एवढं मोठं शेत, म्हातारे आईबाप, कापणी कोण करणार?

म्हणून कापणी लागल्यावर, काल, आम्ही तिघं गेलो. विळे, डबे, पाण्याच्या बाटल्या घेऊन. सरळगावच्या पुढे, विचारत विचारत, डोंगराखालच्या त्याच्या वाडीवर.

अनंताचे वडील दारातच भेटले. कमरेला विळा, निघायच्या तयारीत. मी सांगितलं, "काका, आम्ही अनंताचे दोस्त. सावड फेडायला आलोय. तुमचं शेत कुठंय?"

ते बघतच राहिले.

"आमचं कुठलं शेत, बाय? आमी दुसऱ्याच्या शेतावर जातो मजुरीला."

आम्ही तिघं हातात विळे घेऊन उभे. कुठे बघावं कळेना.

मग त्यांनाच आठवलं. "तुमीच का ते किन्हवलीकडचं? त्या दिशी हितली मजुरी सोडून गेलता तो. बोलला, दोस्तांची आवनी हाय."

म्हणजे बापाला खरं सांगितलं आणि आम्हाला खोटं.

का? लाज वाटली? पप्पांना ओझं वाटू नये म्हणून? की नुसतीच मस्करी, कापणीपर्यंत निभावून नेऊ म्हणून? तो असता तर आधी त्याच्याशी भांडले असते, मग विचारलं असतं. आता कोणाला विचारू?

शेवटी आम्ही काकांबरोबर त्या दुसऱ्याच्या शेतावर गेलो. मालकाला सांगितलं, आम्हाला मजुरी नको. तो आमच्याकडे वेड्यासारखा बघत होता. बरोबरच आहे. आम्हालाही कळत नव्हतं आपण नक्की कोणाचं काम करतोय.

कापता कापता काकांनी विचारलं, "त्या खेळात तो काय करायचा?"

सचिन म्हणाला, "पडलेल्याला उठवायचा, काका."

"आनि तुमी?"

मला रडू आलं, आणि ते मी लपवलं नाही.

संध्याकाळी निघालो. काका मोटरसायकलपर्यंत आले. साठीचा माणूस, दिवसभर वाकून कंबर धरलेली.

म्हणाले, "तिघांचे तीन दिस, त्यातला त्याचा एक फिटला. दोन ऱ्हायले आमच्यावर. पुढल्या आवनीला सांगावा धाडा. मी येतो."

मला नको म्हणता आलं नाही. हो पण म्हणता आलं नाही.

अनंता, चुकले रे. तुला मनापासून निरोप.